झाडीपट्टीच्या खलनायकाची मुलगी स्कॉटलंडात: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे लिहायचं कारण?

दीड-दोन वर्षांतून एकदा गावी येते. नागपूरहून वडशाकडे निघालं की उमरेडच्या चहापासून प्रश्न सुरू होतात, ते घरच्या सपरीत बसेपर्यंत थांबत नाहीत. मागच्या खेपेला तिसऱ्या दिवशी माझा आवाज बसला. चुलतभाऊ म्हणाला, "ताई, एकदा लिहूनच टाक. कोणी विचारलं की मी हेच दाखवतो." म्हणून हे.

बाबांचं नाव यात कुठंच नाही. तशी त्यांचीच अट आहे. "पोस्टरवर छापून छापून झिजलं ते," म्हणाले. ज्यांनी त्यांना स्टेजवर पाहिलंय त्यांना दोन परिच्छेदांत कळेलच.

बाबा नेमके कोण, आणि झाडीपट्टी नाटक म्हणजे काय?

हा प्रश्न पुण्या-मुंबईकडचे विचारतात. गावकऱ्यांनी थेट पुढचा वाचावा.

गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा आणि गोंदिया या जिल्ह्यांत वैनगंगेच्या दोन्ही अंगांना जो जंगलाचा आणि धानाचा पट्टा आहे, ती झाडीपट्टी. भाऊबीजेपासून इथं गावोगावी मंडई भरते (भाजीची नव्हे, आमच्याकडे जत्रेला मंडई म्हणतात) आणि मंडईच्या रात्री नाटक ठेवलेलं असतं. तिथून होळीपर्यंत हंगाम. धान घरात आलेलं, हातात चार पैसे, थंडी पडलेली. याहून चांगला प्रेक्षक कुठं मिळणार? शंकरपट, म्हणजे बैलजोड्यांची शर्यत, असला की त्या रात्री हमखास नाटक असायचं. २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टानं बैलांच्या शर्यतींवर बंदी आणली तेव्हा बैलजोडीवाल्यांइतकेच नाटकवालेही हळहळले. डिसेंबर २०२१ मध्ये अटींवर परवानगी मिळाली आणि पट पुन्हा सुरू झाले.

या सगळ्याची राजधानी वडसा. सरकारदरबारी त्याचं नाव देसाईगंज, पण बसमध्ये देसाईगंजचं तिकीट मागणारा माणूस बाहेरचा समजावा. नाटक कंपन्यांचे फलक तिथं, गावच्या मंडळांचे करार तिथं, हंगामापुरते राहायला आलेले कलावंतही तिथंच भाड्याच्या खोल्यांत. रात्री दहा-साडेदहाला पडदा उघडतो आणि कोंबडा आरवतो तेव्हा शेवटचा अंक चालू असतो. मधे गाणी, ऑर्गन, तबला, आता ऑक्टोपॅड, आणि प्रेक्षक पेंगायला लागले की लावणी. ज्या गावात नाटक त्या गावात घरोघरी पाहुणे. त्यांतले काही नाटक बघायला येतात, काही मुलगी बघायला. आमच्या भागातल्या कितीतरी सोयरिकी दुसऱ्या आणि तिसऱ्या अंकाच्या मधे ठरलेल्या आहेत.

२०२३ मध्ये कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचे परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली. लोक त्यांना विदर्भाचे दादा कोंडके म्हणतात. त्या बातमीनंतर आमचं नाटक बाहेरच्यांना जरा ठाऊक झालं. बाबा त्या उंचीचे नट नव्हते, हे तेच आधी सांगतात. पण या पट्ट्यात कुठल्याही पानठेल्यावर उभे राहिले तर पानाचे पैसे कोणी घेत नसे. त्यांची प्रसिद्धी एवढीच, आणि एवढी पुष्कळ होती.

"तुझा बाप घरी बी तसाच होता का वं?"

नाही. हा प्रश्न मला पहिलीपासून विचारला जातोय, म्हणून जरा सविस्तर सांगते.

बाबा खलनायक. पाटील, सावकार, भ्रष्ट पुढारी, सुनेला जाळणारा सासरा, जे म्हणाल ते. त्यांचा आवाज असा होता की माईक बंद पडला तरी मागच्या रांगेतली पोरं आईच्या पदरात शिरत. एकदा ब्रह्मपुरीच्या बाजारात एका म्हातारीनं त्यांना वांगी द्यायला साफ नकार दिला. "काल रातच्याला त्या पोरीले काऊन छळलास रे मुडद्या?" आजूबाजूचे लोक हसले, म्हातारी हसली नाही. बाबा रिकाम्या पिशवीनं घरी आले आणि इतके खूश होते की ती गोष्ट त्यांनी आईला तीनदा सांगितली. आई म्हणाली, "कौतुक झालं, आता भाजी कशाची करू?"

मी चार वर्षांची असताना आईनं मला पहिल्यांदा नाटकाला नेलं. बाबांनी नायिकेचा हात पिरगाळला आणि मी भोकाड पसरून स्टेजकडे धावले. "बाबा, नका मारू तिले!" लोक सांगतात की पेटीवाला वाजवायचा थांबला. बाबा मात्र भूमिकेतून तसूभर हलले नाहीत. त्याच राक्षसी आवाजात त्यांनी हुकूम सोडला, "घेऊन जा रे त्या कारटीला!" आणि मांडवात शिट्ट्या. मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नाही. तिसऱ्या दिवशी त्यांनी मला खांद्यावर बसवून बोडीवर नेलं, तिथं पाण्यात पाय सोडून माझी माफी मागितली आणि वर म्हणाले, "पण एन्ट्री मस्त घेतलीस."

शाळेत चोर-पोलीस खेळताना मला कायम चोरच केलं जाई.

घरी हा माणूस कुजबुजत बोलणारा. आवाज जपायचा म्हणून कोमट पाणी, ज्येष्ठमध, आणि हंगामात दुपारी दोनपर्यंत झोप. माझ्या लहानपणीचं घरातलं सगळ्यात जास्त बोललं गेलेलं वाक्य म्हणजे "हळू, बाबा झोपलेत". सकाळी सहाला कंपनीची गाडी त्यांना फाट्यावर सोडायची. चहा पिताना त्यांच्या डोळ्यांत अर्धवट पुसलेलं काजळ असायचं, कधी एका बाजूचा कल्ला तसाच चिकटलेला.

"एवढं नाव होतं, मंग पैसा गेला कुठी?"

गेला कुठं नाही, फार आलाच नाही. हंगाम चार-साडेचार महिन्यांचा. कंपनीकडून दिवाळीआधी उचल घ्यायची, ती आधीच्या देण्यात जिरायची, आणि मग प्रयोगामागून प्रयोग करत ती फेडायची. उरलेले सात महिने मामा तलावाखालच्या तीन एकर बांधीवर, म्हणजे धानाच्या शेतात. मामा म्हणजे माजी मालगुजारी. बाहेरच्यांना वाटतं तलाव कोणाच्या मामानं बांधला.

आणि ती बांधी सांभाळली आईनं. परे टाकणं, चिखलणी, रोवणा, निंदण, कापणी, पुंजणे रचणं, चुरणं. नेमका धान घरी येण्याच्या वेळी बाबांचा हंगाम तोंडावर, म्हणजे कापणीला घरचा पुरुष अर्धा झोपेत. शेजारच्या नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडे यांनी शोधलेलं एचएमटी धान आम्ही लावायचो. त्या माणसाबद्दल आईला जेवढा आदर होता तेवढा कुठल्याही नटाबद्दल नव्हता, घरच्या धरून.

आईबद्दल मला कोणी काही विचारत नाही. म्हणून इथं न विचारता लिहिलं.

"तू काऊन नाही गेली नाटकात?"

मला गाता येत नाही. झाडीपट्टीत गाता न येणारी नायिका म्हणजे बिनपाण्याची बांधी.

दुसरं कारण आईनं कधी तोंडानं सांगितलं नाही, पण मला दिसत होतं. रात्रभर ज्या बाईच्या गाण्यावर लोक पैसे उधळत, तिच्याच बद्दल सकाळी त्याच लोकांच्या सपरीत काय बोललं जाई, ते मी चहा नेऊन देताना ऐकलंय. बाबांच्या बरोबर काम करणाऱ्या मावश्या आमच्याकडे जेवायला यायच्या. मला वेण्या घालायला त्यांनीच शिकवलं. त्यांतली एक मला म्हणाली होती, "पोरी, शिक. लोकं टाळ्या वाजवतात, पण पोरगी नाही देत अन् पोरगी नाही करत." आता काळ थोडा बदललाय म्हणतात. थोडाच.

"मंग परदेशात काऊन गेलीस?"

पैशासाठी, हे पहिलं. नागपुरात जीएनएम, म्हणजे नर्सिंगची पदविका, झाल्यावर मी चार वर्षं एका खासगी दवाखान्यात काम केलं. रात्रपाळीला अख्ख्या वॉर्डला मी एकटी आणि एक आया. पगार दहा तारखेला मिळाला तर लवकर मिळाला म्हणायचं. एका रात्री दोन पेशंट एकाच वेळी बिघडले. कोणाकडे आधी धावायचं ते मी ठरवलं, आणि ते ठरवणं अजून माझ्या अंगावर आहे. त्याच महिन्यात मी फॉर्म भरला.

पण लोक हा प्रश्न विचारतात त्यात एक दुसरा प्रश्न लपलेला असतो: आईबापाला सोडून जाताना काही वाटलं नाही का? त्याला माझं उत्तर असं की संध्याकाळी बॅग उचलून निघणारा माणूस मी जन्मापासून बघितलाय. आई ओसरीवर कंदील धरून उभी, बाबा फाट्याकडे चाललेले, मी त्यांची पावलं मोजतेय. आमच्या घरात निघणं म्हणजे कामाला निघणं. सोडून जाणं हा शब्द त्याला कोणी लावला नव्हता.

मी नोव्हेंबर २०१७ मध्ये निघाले, आणि बाबा मला विमानतळावर सोडायला आले नाहीत. त्या रात्री आरमोरीकडे प्रयोग होता. नातेवाइकांनी यावरून अजून बोल लावणं सोडलेलं नाही. पण खलनायक आला नाही तर नाटक उभं राहत नाही. प्रयोग टाकून ते विमानतळावर आले असते, तर मलाच काळजी लागली असती की यांना झालंय काय.

नर्सिंग करून इंग्लंड-स्कॉटलंडला जायचं तर काय करावं लागतं?

हा मुलींचा प्रश्न. बहुतेक वेळा आई स्वयंपाकघरात गेल्यावर विचारलेला, म्हणून नीट सांगते. माझ्या वेळचं आणि आताचं यांत फरक आहे, व्हिसाचे नियम तर फारच वेगानं बदलतात. अर्ज करायच्या आठवड्यात ब्रिटन सरकारच्या संकेतस्थळावर स्वतः वाचा, दुसऱ्याच्या सांगण्यावर जाऊ नका. माझ्याही.

पायरी पहिली, इंग्रजी. तिथल्या नर्सिंग कौन्सिलला, एनएमसीला, आयईएल्टीएस किंवा ओईटी यांपैकी एक इंग्रजीची परीक्षा चालते. मी परीक्षा दिली तेव्हा फक्त आयईएल्टीएस होती आणि चारही भागांत ७ लागायचे. मला लेखनात दोनदा ६.५ पडले. दोन्ही वेळचे पैसे पाण्यात. तिसऱ्यांदा ७ आले आणि मी तिकडे रुजू होऊन वर्ष झालं, तेव्हा डिसेंबर २०१८ मध्ये कौन्सिलनं लेखनाची अट ६.५ वर आणली! बाबा म्हणाले, "आपण गेल्यावर मांडवात खुर्च्या येतात."

पायरी दुसरी, संगणकावरची परीक्षा, ती भारतातच देता येते. तिसरी, नोकरी देणारं रुग्णालय आणि व्हिसा. चौथी, तिकडे पोचल्यावर ओस्की नावाची प्रात्यक्षिक परीक्षा. ती झाली की नोंदणी क्रमांक मिळतो आणि मग तुम्ही खऱ्या अर्थानं नर्स.

मराठी शाळेत शिकल्यानं अडत नाही. मी दहावीपर्यंत जिल्हा परिषदेच्या आणि तालुक्याच्या शाळेत होते. अडतं ते न बोलण्यानं. आपल्या मुलींना उत्तर येत असतं आणि त्या मान खाली घालून उभ्या राहतात.

एजंटला किती द्यावे?

शून्य. ब्रिटनच्या भरतीच्या आचारसंहितेप्रमाणे नोकरी लावून देण्यासाठी एजन्सीनं उमेदवाराकडून फी घेणं बसत नाही. ती रुग्णालयाकडून घ्यायची असते. परीक्षेची फी, कागदपत्रं हा खर्च तुमचा असू शकतो, आणि त्यातला बराच भाग पुष्कळ रुग्णालयं परत करतात. मला हे ठाऊक नव्हतं. नागपुरातल्या एका माणसाला मी आईच्या पाटल्या मोडून पैसे दिले. त्यानं पावती दिली नाही आणि नंतर फोनही उचलला नाही. पाटल्या मी पुढं करून दिल्या, पण आई म्हणते त्या आवाज वेगळा करतात.

ओस्कीत नाटक करावं लागतं म्हणे?

जवळजवळ. पेशंट म्हणून कधी पुतळा असतो, कधी भूमिका करणारा माणूस. तेव्हा सहा टप्पे होते, आता दहा आहेत. घड्याळ लावून तुम्हाला आत सोडतात. हात धुणं, नाव विचारणं, मनगटावरचा पट्टा तपासणं, जे करताय ते मोठ्यानं बोलून दाखवणं. मनातल्या मनात तपासलं तर गुण नाहीत.

आदल्या रात्री मी बाबांना फोन केला, रडत. ते म्हणाले, "समोरच्याचं बोलणं ऐकायचं. आपलं वाक्य आठवत बसलीस की गेलीस." माझ्या समोर छातीत दुखण्याचं सोंग घेतलेला एक वयस्कर गृहस्थ होता. इतका वाईट अभिनय मी झाडीपट्टीत कधी पाहिला नाही. मला हसू यायला लागलं, भीती गेली, मी पास झाले.

"तिकडं करमते का तुले?"

मी डंडीत राहते. स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावर, टे नावाच्या नदीच्या मुखाशी. नदी वैनगंगेपेक्षा खूप रुंद दिसते आणि तिच्यात समुद्राची भरती-ओहोटी येते. पहिले दोन महिने अजिबात करमलं नाही. डिसेंबरात दुपारी साडेतीनला सूर्य मावळतो. मी रात्रपाळी करून झोपायचे, उठायचे तेव्हा पुन्हा अंधार. सलग आठ दिवस मी ऊनच पाहिलं नव्हतं.

मग एका रविवारी एका जुन्या गिरणीतलं संग्रहालय बघायला गेले, आणि आत पाऊल टाकताच वास आला. बारदान्याचा! धान खरेदी केंद्रावर रांगेत उभं राहिल्यावर नाकात बसतो तो. ही डंडी म्हणजे एकेकाळचं तागाचं शहर. बंगालातून ताग जहाजानं यायचा, इथं व्हेल माशाचं तेल लावून तो मऊ करायचे आणि त्याची पोती विणून जगभर पाठवायचे. गिरणीत कामाला मुख्यतः बाया. त्यांची मजुरी स्वस्त, म्हणून पुरुषांना घरी बसवून बायांना कामावर घेत. घरी बसलेल्या त्या नवऱ्यांना इथल्या बोलीत 'किटली उकळणारे' असं नाव पडलं होतं. मी हे आईला फोनवर सांगितलं. आई बराच वेळ गप्प होती, मग म्हणाली, "चहा तरी ठेवत होते म्हणायचे."

खरेदी केंद्रावर दरवर्षी बारदाना संपतो आणि शेतकरी ताटकळतात, हे आपल्याकडचं रडगाणं. जिथं जगाचा बारदाना विणला गेला त्या गावात माझं घर आहे, ही गोष्ट मला का कोण जाणे, फार आधाराची वाटली. त्या दिवसापासून करमायला लागलं म्हणेन.

खायचं विचारत असाल तर सांबार मिळतो. (पुण्याच्या वाचकांनो, आमच्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात.) लाखोळीची डाळ मिळत नाही. मोहाची फुलं नेण्याचा प्रयत्न केला नाही, नोकरी प्यारी आहे.

पगार किती?

पौंडाला शंभरानं गुणू नका. घरभाडं, कर, वीज आणि हिवाळ्यात घर गरम ठेवायचा खर्च गेल्यावर जे उरतं त्याला गुणा. तरी नागपूरच्या दवाखान्यापेक्षा खूप जास्त, आणि ठरल्या तारखेला. सुरुवातीलाच वर्षाला २७ दिवस भरपगारी रजा आणि वर ८ सार्वजनिक सुट्ट्या मिळतात, याचं मला पगाराहून जास्त अप्रूप होतं.

तिकडं वाघ आहे?

नाही. रानमांजर आहे, तेही दिसेनासं झालंय. ब्रह्मपुरीच्या जंगलात मोहफुलं वेचायला जाणाऱ्या बायांची गोष्ट मी वॉर्डात सांगितली तेव्हा लोकांना वाटलं मी बाबांच्या एखाद्या नाटकाचं कथानक सांगतेय.

"बाबाले तिकडं काऊन नाही नेत?"

दोन उत्तरं आहेत, एक कायद्याचं आणि एक बाबांचं.

कायद्याचं असं की २०१२ पासून ब्रिटननं म्हाताऱ्या आईवडिलांना कायमचं आणण्याची वाट फार अरुंद केली. रोजची कामंही दुसऱ्याच्या मदतीशिवाय होत नाहीत आणि तशी देखभाल मायदेशी मिळूच शकत नाही, हे सिद्ध करावं लागतं. माझे बाबा अजून सायकल चालवतात. पाहुणे म्हणून मात्र सहा महिन्यांपर्यंत येता येतं.

तसे ते आणि आई २०१९ च्या उन्हाळ्यात आले. जूनमध्ये तिथं रात्री दहानंतर सूर्य मावळतो आणि पहाटे साडेचारला पुन्हा हजर. अंधार नीट होतच नाही. आयुष्यभर रात्री जागून दिवसा झोपलेला हा माणूस, पण त्या उजेडात त्यांना काही केल्या झोप येईना. खिडकीशी बसून राहायचे. "हे काय नाटक आहे," म्हणाले, "पडदाच पडत नाही." आठव्या दिवशी मी खिडकीला जाड काळं कापड ठोकलं. बाबांनी ते बघितलं, दोन पावलं मागं सरून पुन्हा बघितलं आणि म्हणाले, "विंगेत झोपल्यासारखं वाटते." त्या रात्री घोरले.

आईनं त्या दिवसांत शेजारणीच्या बागेत टोमॅटोची रोपं नीट लावून दिली. शेजारणीला मराठी येत नाही, आईला इंग्रजी येत नाही. माझ्यापेक्षा आईची ओळख त्या गल्लीत जास्त आहे.

महिन्याभरात आईला रोवण्याचे वेध लागले. पाऊस आला की नाही हे ती रोज विचारायची. तिकीट बदलून दोघंही आषाढात परत गेले. म्हणून विचारू नका.

"सातबाऱ्यावर नाव ठेवून तू काय करशील?"

हा प्रश्न प्रेमानं विचारला जातो, सोबत हक्कसोडपत्राचा कागद असतो.

तर ऐका. महाराष्ट्रात १९९४ मध्येच कायदा दुरुस्त होऊन मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत वाटा मिळाला. २००५ मध्ये तो देशभर झाला. ऑगस्ट २०२० मध्ये सुप्रीम कोर्टानं स्पष्ट केलं की हा हक्क मुलीला जन्मानं मिळतो. २००५ मध्ये वडील हयात असायलाच हवे होते असं नाही. मी परदेशात राहते म्हणून तो जात नाही. परदेशी राहणाऱ्या भारतीयाला शेतजमीन विकत घेता येत नाही, बक्षीसपत्रानंही घेता येत नाही, पण वारसानं आलेली ठेवता येते. विकायची झाली तर भारतात राहणाऱ्या भारतीय नागरिकालाच विकता येते.

तीन एकरांचं मी काय करणार? काहीही करणार नाही. आईच्या पश्चात ती बांधी कोण कसणार हे आम्ही बहीण-भाऊ बसून ठरवू. पण लग्नातल्या जेवणाच्या पंगतीत माझ्यापुढं स्टॅम्प पेपर आणि पेन ठेवणाऱ्या काकांनी एक लक्षात घ्यावं: मी खलनायकाच्या घरात वाढले आहे, सावकाराचा प्रवेश मला पाठ आहे.

तिकडचं नागरिकत्व घेतलंस का?

नाही. पाच वर्षांनी कायम राहण्याची परवानगी मिळाली, तेवढी पुरते. ब्रिटिश पासपोर्ट घेतला तर भारताचं नागरिकत्व आपोआप जातं. दोन्ही ठेवता येत नाहीत. परदेशी नागरिक झालेल्या मूळच्या भारतीयांचं ओसीआय कार्ड मिळतं, पण त्यावर मतदान करता येत नाही.

गंमत म्हणजे भारतीय पासपोर्टावरही मी तिकडे मत देते. राष्ट्रकुलातल्या देशांचे नागरिक तिथं कायदेशीर राहत असतील तर त्यांना तो हक्क आहे. आणि इथं? परदेशातल्या भारतीयाला नाव नोंदवता येतं, पण मत द्यायला स्वतः गावच्या केंद्रावर यावं लागतं. मला अजून जमलेलं नाही.

लग्न?

झालं की कळवते. नाटकाच्या रात्री स्थळं दाखवणं बंद करा, मला नाटक बघू द्या.

बाबा अजून स्टेजवर येतात का?

२०२० चा हंगाम कोरोनानं गेला. एवढी लांब रात्रीची झोप बाबांनी कधी घेतली नव्हती आणि तीच त्यांना बाधली असं आई म्हणते. पुन्हा सुरू झालं तेव्हा दोन दात गेलेले, 'स' नीट फुटेना. खलनायकाचा 'स' गेला की धमकीची गंमत होते. म्हणून आता ते प्रॉम्प्टर आहेत. विंगेत वही घेऊन बसतात आणि नव्या पोरांना वाक्यं पुरवतात. आयुष्यभर कुजबुजत बोलायची सवय होती, ती कामी आली.

हिवाळ्यात आपल्यात आणि तिकडे साडेपाच तासांचं अंतर असतं. माझी रात्रपाळी साडेसातला लागते तेव्हा इकडे रात्रीचा एक वाजलेला असतो, दुसरा अंक संपत आलेला. गणवेश चढवताना मी फोन लावते. बाबा उचलतात आणि बोलत नाहीत, बोलता येतच नाही. फोन वहीशेजारी ठेवून देतात. मला आधी त्यांची कुजबुज ऐकू येते, मग तेच वाक्य कोणीतरी ओरडून म्हणतो. दोन-तीन मिनिटं ऐकते आणि वॉर्डात जाते.

"यंदा कवा येशील, अन् काय आणशील?"

मंडईला जमणार नाही, दिवाळीची रजा दुसरीला मिळाली. फेब्रुवारीत तीन आठवडे येतेय. चॉकलेट आणीन, पण मोजकीच. मागच्या वेळी अर्धी पेटी मिशा चिकटवायच्या डिंकाच्या बाटल्यांनी भरली होती. तिथल्या नाटकाच्या सामानाच्या दुकानात मिळणारा तो डिंक कंपनीतल्या पोरांना फार आवडलाय. पहाटेच्या दवातही मिशी सुटत नाही. यंदा बारा बाटल्यांची मागणी आहे. बाबांनी तेरावी सांगितलीय. कशाला, ते विचारलं तर म्हणाले, "असू दे एक."